बांधावरचा इटोका

वांगेचीला आनंद झाला की तिचे हात तिचं ऐकत नाहीत. गाथोगो म्हाताऱ्यानं चहाचा घोट घेता घेता एक वाक्य टाकलं आणि ही बाई उठली, पळत बांधावर गेली आणि लिलीचा एक कांदा मुळासकट उपटून उभी राहिली.

न्येरीच्या त्या उतारावर एखादा शेजाऱ्याची गाय सोडून नेईल, पण बांधावरच्या इटोकाला हात लावणार नाही. ही लिली जिथे, तिथे हद्द, आणि ती उपटणारा दोन्ही घरांचा गुन्हेगार. वांगेची इथलीच, किकुयू जमातीतल्या आईबापांची लेक. तिला हे ठाऊक नव्हतं असं थोडंच आहे? पण त्या घटकेला तिला काही सुचत नव्हतं, कारण गाथोगो म्हणाला होता, "हा इटोका त्या फेअरलीनं लावलाय."

एडमंड फेअरली म्हणजे गोऱ्यांच्या राज्यात इथे येऊन, गाथोगोच्या आजोबांची जमीन नदीपर्यंत घशात घालून कॉफी लावणारा माणूस. गावच्या संग्रहालयात त्याची एक खोली होती आणि त्या खोलीत वांगेचीचा जीव होता. त्याची टोपी, दुर्बीण, खोगीर तिनं दारोदार हिंडून जमवलं होतं. उद्या समितीची बैठक होती आणि अध्यक्ष वाइग्वा खोलीला कुलूप घालणार होता. "ज्यानं आपल्याला हाकललं, त्याची टोपी आपणच पुसायची का?" असं तो चारचौघांत विचारी. टाकून दिलं तर सगळंच विसरलं जाईल, एवढंच तिला कळे. ते नीट सांगता मात्र कधी आलं नाही.

गाथोगो काठी टेकत बांधावर आला. "पोरी, शिकून डोकं फिरलं का तुझं?"

"गुका, पुन्हा सांगा ना." सगळं गाव त्याला गुका, म्हणजे आजोबाच म्हणे. "गोऱ्यानं? स्वतःच्या हातानं?"

"म्हातारपणी त्याला झोप येईना. माझ्या आजोबांकडे आला, म्हणाला, खालचं अर्धं रान परत घ्या. वरचं चांगलं ठेवलंच हं त्यानं. म्हणाला, कागद करू. आजोबा म्हणाले, कागद तुमच्यात. आमच्यात मेंढा लागतो आणि इटोका लागतो. मग आणला मेंढा. हडकुळा होता, आजोबांनी परत पाठवला."

"मग?"

"मग दुसरा आणला."

वांगेची खदखदून हसली. इतकी वर्षं ती याच बांधावरून जाऊन त्याची जुनी बटणं शोधत होती आणि फेअरली पायाशी फुलत होता. तिला नाचावंसं वाटत होतं.

तेवढ्यात वरून वाइग्वा आला. वरचं रान त्याचं. स्वातंत्र्यानंतर त्याच्या वडिलांनी विकत घेतलेलं. हिच्या हातात कांदा बघून तो लालबुंद झाला.

"माझ्या बांधाला हात? उद्या खोली तर बंद करतोच, तुलाही बाहेर काढतो."

"उद्याचं उद्या," गाथोगो म्हणाला. "उपटलेला इटोका आजच्या आज जमिनीत गेला पाहिजे. मेंढा हिनं आणायचा. धष्टपुष्ट आण गं."

दुपारी मेंढा आला, टेकडीवरचे वडीलधारे जमले. इटोका रोवताना दोन्हीकडून हात लागतो. ज्यांनी तो पहिल्यांदा रोवला, त्यांचं नाव घेऊन. गाथोगो खड्ड्याशी बसला, त्यानं कांदा धरला.

"या बाजूनं माझे आजोबा गाचेरू. त्या बाजूनं?"

"माझे वडील," वाइग्वा म्हणाला.

"तुझ्या वडिलांनी जमीन घेतली तेव्हा याला फुलं होती. त्यांनी तो लावला नाही, नुसता बघितला."

"मग काय त्या गोऱ्याचं नाव घेऊ?"

"नको घेऊस. त्यानं लावलाच नाही म्हण. मग हद्द एकाच हाताची झाली, म्हणजे हद्दच नाही. मग गाचेरूचं रान थेट तुझ्या गोठ्यापर्यंत. गाई छान आहेत तुझ्या."

म्हातारे तोंडं फिरवून हसू लागले. वाइग्वानं गोठ्याकडे पाहिलं, वांगेचीकडे पाहिलं, इस्त्रीची विजार वर ओढली आणि गुडघे टेकले.

"त्या बाजूनं... फेअरली."

"मोठ्यानं. मला ऐकू कमी येतं."

"फेअरली. आणि त्याच्या जागी मी."

दोघांनी मिळून कांदा रोवला, माती दाबली. वांगेचीच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी येत होतं आणि ती हसतही होती.

वाइग्वा हात झटकत उठला. "राहू दे तुझी खोली," तो तिच्याकडे न बघता म्हणाला. "आता ती बंद केली तर हा म्हातारा माझ्या गोठ्यात येऊन बसेल."

वांगेचीनं गाथोगोचे हात धरले. "गुका, आता तुम्ही याच खोली बघायला. एकदाही आला नाहीत."

"आलो होतो की."

"कधी?"

"तू उघडलीस तेव्हाच. दारावरची पाटी वाचली आणि परत फिरलो."

ती पाटी वांगेचीनं स्वतः लिहिली होती, चांगल्या वळणदार अक्षरात. 'या ओसाड माळावर पहिली वस्ती एडमंड फेअरली यांनी केली.' तिचे कान तापले. इतक्या वर्षांत ते वाक्य तिला एकदाही खटकलं नव्हतं.

"उद्या बैठकीआधी काढते ती," ती हळूच म्हणाली.

"उद्या कशाला?" गाथोगोनं काठी उचलली. "मेंढा शिजायला वेळ आहे. चल, आत्ताच जाऊन येऊ."