टेकडीच्या रस्त्याचे कलम

जेथे स्वतःचे हित आणि लोकांचे हित एकाच दिशेला दिसू लागते, तेथे सज्जनाची खरी परीक्षा असते. दुर्जनाला ही अडचण येत नाही. तो आपला स्वार्थ ओळखून असतो. सज्जनाला मात्र आपण लोकांसाठीच झिजत आहोत असे मनापासून वाटत राहते, आणि भोवतालची माणसे त्याच्यावर माया करणारी असतील तर त्याला अडवायलाही कोणी उरत नाही.

ही कथा अशाच एका सज्जनाची. ते खगोलशास्त्रज्ञ होते आणि राज्याच्या विधानसभेचे सदस्यही होते. टेकडीवरच्या वेधशाळेत त्यांचे केस पांढरे झाले, आणि टेकडीखालच्या शहराने त्यांना मोठ्या प्रेमाने निवडून दिले. कोणाच्या गल्लीतले तुंबलेले गटार असो, कोणाचे अडलेले निवृत्तिवेतन असो, ते काम तारे मोजण्याच्याच चिकाटीने पुरे करीत. सभागृहात सर्व पक्षांचे लोक त्यांना ‘नक्षत्रराव’ म्हणत, आणि त्या हाकेत थट्टेपेक्षा जिव्हाळाच अधिक असे.

त्यांच्या आयुष्यात एक जोडतारा होता. एकमेकांभोवती फिरणारे ते दोन तारे इतक्या संथपणे फिरतात की एकाच्या आड दुसरा जाण्याचा योग माणसाच्या जन्मात दोनदा आला तर पुष्कळ. पहिला योग आला तेव्हा नक्षत्रराव विद्यार्थी होते. गुरूंच्या शेजारी दुर्बिणीपाशी उभे राहून त्यांनी केवळ ढग पाहिले. दुसरा योग या हिवाळ्यात होता. मध्यंतरी शहर वाढले होते, टेकडीच्या रस्त्यावर दिवे आले होते, आणि त्यांच्या उजेडात तो फिकट जोडतारा जवळजवळ बुडून गेला होता.

म्हणून त्यांनी विधेयक आणले. वीज वाचावी, पाखरांना रात्र मिळावी, शहराला आकाश दिसावे, असे त्यात बरेच काही होते आणि ते सारे खरेही होते. त्यातले एक कलम टेकडीच्या रस्त्याविषयी होते: हिवाळाभर दुकाने बंद झाली की त्या रस्त्यावरचे दिवे मालवावेत.

मतदानाच्या दिवशी सकाळी ते स्वयंपाकघरातल्या टेबलापाशी भाषणाची तालीम करीत होते. त्यांच्या पत्नी रुग्णालयात परिचारिका होत्या. दुपारपाळी असल्याने त्या घरी होत्या आणि आपल्या पांढऱ्या बुटांना पॉलिश करीत बसल्या होत्या. नवऱ्याचे प्रत्येक भाषण प्रथम त्यांच्या कानांवरून जाई.

“इथं श्वास घ्या,” त्या म्हणाल्या. “मागच्या वेळी निम्म्या वाक्यात दम लागला, आणि अध्यक्षांनी पाणी मागवलं.”

“ते त्यांनी स्वतःसाठी मागवलं होतं.”

“हो, कंटाळून.”

नक्षत्रराव हसले आणि त्यांनी टेबलावर नकाशा पसरला. तो त्यांनी स्वतः काढला होता. वेधशाळेच्या घुमटातून मोजून, कोणत्या दिव्याचा किती उजेड आकाशात जातो, याची नोंद त्यावर ठिपक्यांनी केली होती. वळणावरच्या मोठ्या ठिपक्यावर बोट ठेवून ते म्हणाले, “आणि हा सगळ्यांत उपद्रवी. या एकट्यानं माझ्या नाकी नऊ आणले आहेत.”

पत्नीने ब्रश थांबवून नकाशाकडे पाहिले. “हा? बसथांब्याजवळचा?”

“तिथं बसथांबा आहे?”

हे त्यांनी इतक्या निरागसपणे विचारले की त्या माउलीला आधी हसूच आले. मग त्या बूट खाली ठेवून सावकाश म्हणाल्या, “अहो, इतकी वर्षं मी तिथंच उतरते. मी, धुलाईखान्यातल्या मावशी, आणि ती नवी तंत्रज्ञ मुलगी. उतरलो की त्या दिव्याखाली जरा थांबतो. कोणाच्या डोळ्यांत पाणी असेल, कोणाला घरी जायचं धैर्य होत नसेल, तर ते तिथं दिसतं. मग आपापल्या वाटेनं जातो.”

“तू कधी बोलली नाहीस.”

“तुम्ही तेव्हा घुमटात असता. आणि मी सुखरूप येतेच की घरी. त्यात सांगायचं काय?”

नक्षत्ररावांनी नकाशाकडे पाहिले. रस्त्यावरचा प्रत्येक दिवा त्यावर होता. त्या दिव्यांखालून चालणारे कोणी नव्हते. जे वरून मोजले ते त्यांनी बिनचूक मोजले होते.

पत्नीला त्यांचा चेहरा पाहवेना. “होऊ द्या तुमचं विधेयक,” त्या म्हणाल्या. “एका हिवाळ्याचा तर प्रश्न आहे. आम्ही टॉर्च घेऊ. त्या ताऱ्यासाठी तुम्ही किती थांबलात, ते माझ्याइतकं कोणाला ठाऊक आहे?”

रागावून त्या बोलल्या असत्या तर त्यांना वाद घालता आला असता. त्यांनी कागद गोळा केले, पाण्याचा एक घोट घेतला आणि ते निघाले.

सभागृहात त्या दिवशी विलक्षण मोकळे वातावरण होते. विरोधी बाकांवरून वकीलसाहेब उठले. ज्यांच्या नुसत्या खाकरण्याने मंत्री कागद चाळू लागत, तेच हे गृहस्थ. ते म्हणाले, “अध्यक्ष महाराज, आमच्या नक्षत्ररावांनी आयुष्यात पहिल्यांदा या सभागृहाकडे काही मागितलंय. विधेयक मी वाचलेलं नाही, पण माझा पाठिंबा आहे!”

हशा पिकला, बाके वाजली. अध्यक्ष विधेयक मताला टाकणार इतक्यात नक्षत्रराव उभे राहिले.

“महाराज, मला आधी एक सांगायचं आहे. टेकडीच्या रस्त्याचं कलम मी माझ्यासाठी घातलं आहे. ते लोकांसाठी आहे असं मला काल रात्रीपर्यंत वाटत होतं. आज सकाळी कळलं, की त्या रस्त्यानं कामावरून परतणाऱ्या बायकांना मी काही विचारलेलंच नाही. त्यांच्यातली एक तर माझ्याच घरात राहते. ते कलम मी मागे घेतो. त्याऐवजी दिव्यांना झाकण्या बसवाव्यात. उजेड खाली रस्त्यावर पडेल, वर जाणार नाही.”

बांधकाममंत्री खालच्या आवाजात म्हणाले, “झाकण्या बसवू, पण उन्हाळ्याच्या आत काही होणार नाही.”

“ठाऊक आहे मला.”

वकीलसाहेब अजून उभेच होते. “आणि तुमचं ते ताऱ्यांचं ग्रहण?”

“ते होणारच. माझ्यावाचून त्याचं काही अडत नाही.”

“अहो, पण तुमचं अडतं ना!”

नक्षत्ररावांनी हातातले कागद जुळवून बाकावर ठेवले. मग म्हणाले, “दूरच्या एका वेधशाळेत माझी एक विद्यार्थिनी आहे. तिच्याकडे चांगला अंधार आहे. माझं सगळं गणित आज तिला पाठवतो. ती बघेल.”

वकीलसाहेबांनी चष्मा काढून पुसला. “महाराज, हे विधेयक मी आता खरंच वाचतो,” एवढे म्हणून ते खाली बसले. सुधारलेले विधेयक त्याच दिवशी एकमताने संमत झाले.

गणित पाठविताना नक्षत्ररावांचा हात शेवटच्या बटणापाशी बराच वेळ थांबला, हे सांगितले पाहिजे. त्याग सोपा होता असे भासविणे त्यांच्यावर अन्याय होईल. मग त्यांनी ते पाठविले, अंगावर कोट चढविला आणि ते वळणाकडे चालू लागले. त्या रस्त्याने पायी ते अनेक वर्षांत गेले नव्हते.

बस आली. प्रथम उतरल्या त्या धुलाईखान्यातल्या मावशी. “अगं बाई! आमदार रस्ता चुकले वाटतं!”

“चुकलो नाही, मावशी. बायकोला न्यायला आलोय.”

“इतक्या वर्षांनी? मग आज आम्हालाही पोचवा घरापर्यंत. मत दिलंय तुम्हाला!”

तंत्रज्ञ मुलगी तोंडावर हात ठेवून हसू लागली. मागून पत्नी उतरल्या, त्यांना पाहून पायरीवरच थांबल्या, आणि काही न विचारता त्यांनी आपली पिशवी नवऱ्याच्या हातात दिली. दुपारचे वर्तमान त्यांच्या कानी आले होते, हे त्यांच्या डोळ्यांवरून दिसत होते.

मावशींना आणि त्या मुलीला दारापर्यंत सोडून दोघे चढ चढू लागले. थोड्या वेळाने पत्नी म्हणाल्या, “आकाश स्वच्छ आहे. जायचंय का घुमटात?”

“जाईन. तू जेवून घे, मग जाईन. दुसरे तारे आहेत की.”

“एकटीनं जेवू होय? आधी दोघं जेवू.”

ज्याने आपले वाटणारे आकाश सोडून दिले त्याला, आणि जिने आपल्या हक्काचा उजेड मागितलाही नाही तिला, निरोगी दीर्घायुष्य लाभो. दूरच्या त्या विद्यार्थिनीच्या आकाशात ग्रहणाच्या रात्री ढग न येवोत. आणि काम संपवून जी कोणी बसमधून उतरेल, तिचे घर तिला सुखरूप गाठता येवो.