अल्मा ट्रास्कचा क्लोजअप

ओपलने दुसरं लग्न केलं त्या वर्षी, म्हणजे १९३९ साली, तिच्या थोरल्या बहिणीला, अल्मा ट्रास्कला, पहिला क्लोजअप मिळणार होता. हॉलिवूडमध्ये वीसेक वर्षं काढल्यावर! मोलकरीण, शेजारीण, घरमालकीण, नर्स अशी कामं. चेहरा सगळ्यांच्या ओळखीचा, नाव कुणालाच ठाऊक नाही. या खेपेला ती नायिकेची सासू होती. मुलगा लढाईत मारला गेल्याचं सुनेला तीच सांगणार होती.

"आज तरी तोंड दिसू दे माझं," ती मेकअप करणाऱ्या ऑर्विलला म्हणाली.

"दिसेल की! एवढ्या सुरकुत्या काय उगाच काढल्यात?"

"काढल्यास कुठे मेल्या? होत्या त्याच ठळक केल्यास."

आधी नायिकेचा, लोरेन डॅबनीचा, क्लोजअप. रीत अशी, की समोरच्याने कॅमेऱ्याशेजारी उभं राहून आपली वाक्यं म्हणायची. जाणती माणसं ती नुसती म्हणून टाकतात, जीव आपल्या पाळीसाठी राखतात. अल्मानेही राखला. पण लोरेनला काही केल्या रडू येईना. दिग्दर्शक क्रेल वैतागला.

"मिसेस ट्रास्क, जरा मनापासून म्हणा हो. पोरगी अडलीय."

अल्माला राहवलं नाही.

"तो नाही यायचा गं आता. त्याचं ताट मांडू नकोस."

लोरेन ढसाढसा रडली. वर दिवे धरून बसलेली माणसंसुद्धा खाली वाकून बघू लागली.

"कट! झकास!" क्रेल ओरडला. "सगळा प्रसंग हिच्या चेहऱ्यावरच ठेवू. दुसऱ्या बाजूचं घ्यायला नको."

"अहो, पण माझा क्लोजअप..."

"तुमचा आवाज आहे ना! त्यानेच तर काम झालं."

लोरेन तिच्या गळ्यात पडली. "तुम्ही नसतात तर माझं काही खरं नव्हतं."

"हो ना," अल्मा म्हणाली. "नसते तर बरं झालं असतं."

ऑर्विलने तिचा चेहरा पुसायला घेतला.

सिनेमा लागला तेव्हा ओपल नव्या नवऱ्याला घेऊन आली. अल्मा मध्ये बसली.

"अगं, तू कुठेयस?" ओपल कुजबुजली.

"तो खांदा. डावीकडचा."

"कुठला?"

तोवर तो गेलाही होता. मग पडद्यावरून अल्माचा आवाज आला. पुढच्या रांगेतली एक बाई रुमालात तोंड खुपसून हुंदके देऊ लागली. अल्मा पडद्याकडे न बघता तिच्याकडेच बघत राहिली.

अल्मा ट्रास्क १९५२च्या फेब्रुवारीत वारली.