थांबपेटीत राहिलेले वाक्य

मी एक जुनी थांबपेटी आहे. कपाटाएवढी उंच, आतून मऊ अस्तराची. दाराला जाड रबराची कड आहे, खालच्या कोपऱ्यात गंज धरला आहे. एका घराच्या मागच्या खोलीत, खिडकीशेजारी मी उभी असते.

मित्रांनो, माझ्या पोटात काही ठेवून दार लावले, की त्याच्यापुरता काळ थांबतो. गरम चहा गरमच राहतो. माणसाचा श्वास अर्ध्यावर थांबतो आणि दार उघडले की उरलेला पुरा होतो. त्याला वाटते, पापणी लवली, एवढेच. बाहेर मात्र वर्षे गेलेली असतात. ती सगळी मी पेललेली असतात. लोक म्हणतात, पेटीला काय काम, नुसती उभी तर असते! नुसते उभे राहूनही पाय भरून येतात, हे रांगेत उभे राहणाऱ्याला विचारा.

मला एका कारखान्यात घडवले. दाराची कड एका तरुण फिटरने बसवली. दाराला कान लावून त्याने नीट ऐकले आणि "बसली फिट!" म्हणत मला थाप मारली. तिथून मी इस्पितळात गेले. डॉक्टर पोचायला उशीर असला, की रोग्याला माझ्यात ठेवत. किती तरी माणसे माझ्यातून बरी होण्यासाठी बाहेर पडली. त्यांचे नातेवाईक जाताना माझ्या दारावरून हात फिरवत.

तिथे एक रीत होती. दार लावण्याआधी परिचारिका विचारी, "आणखी काही सांगायचंय?" आतल्या माणसाने "झालं" म्हटल्याशिवाय ती कडीला हात लावत नसे. तुटलेले बोलणे बाहेरच्याच्या जिवाला लागून राहते, हे तिला ठाऊक होते. एक आजोबा तर छत्री कुठे, चष्मा कुठे, हे सांगतच बसले. शेवटी आजी वैतागल्या. "अहो, झालं म्हणा की! काळ तुमचा थांबणार आहे, माझी कामं नाहीत!"

कारखान्यातला तोच फिटर माझी कड बदलायला येई, तेव्हा हे सारे ऐकून हसायचा.

पुढे नव्या पेट्या आल्या आणि मला भंगारात काढले. फिटरने मला ओळखले. ढकलगाडीवर घालून घरी आणले. त्याची बायको कमरेवर हात ठेवून दारात उभी.

"आणलंत आणखी एक धूड! एक दिवस मलाही यात रचून ठेवाल."

"तू मावशील तर ना!" तो म्हणाला.

मग कित्येक वर्षे माझ्यात जुन्या रजया होत्या. त्या दिवसांत मला जरा विसावा मिळाला.

नंतर तिला हृदयविकाराचा झटका येऊन गेला. डॉक्टरांनी फिटरला बाजूला घेऊन सांगितले, "पुढचा झटका आला, की जेमतेम एक दिवस. नवं औषध निघालं तरच काही आशा." त्याने रजया काढल्या आणि माझी कड नवी केली.

एका सकाळी ती स्वयंपाकघरात कोसळली. त्याने तिला उचलून माझ्यात टेकवले. ती म्हणत होती, "अहो, ते आधी—"

त्याने कडी लावली. इतकी वर्षे ती रीत पाहिलेला माणूस, पण घाबरून विचारायचेच विसरला.

मित्रांनो, त्यानंतर तो रोज माझ्यासमोर स्टूल घेऊन बसे. "आधी काय गं? आधी काय?" काहीतरी मोठे असणार, असे त्याला वाटे. मनातले, कधी न बोललेले.

त्याची बहीण म्हणे, "दादा, उघड आणि विचार एकदाचं."

"उघडलं की तिचा दिवस सुरू होईल. एकच उरलाय."

औषध काही निघाले नाही. डॉक्टर म्हातारे झाले, तोही झाला. माझ्या मापाची कड मिळेनाशी झाली. मीही थकले. एका दुपारी त्याने दाराला कान लावला आणि त्याचा चेहरा उतरला. आत श्वास चालू होता, अगदी संथ. माझ्या चिरलेल्या कडेतून काळ झिरपत होता.

"अंधारात, एकटीचा दिवस सरतोय तिचा," तो बहिणीला म्हणाला.

"मग उजेडात सरू दे."

दुसऱ्या दिवशी उजाडताच त्याने दार उघडले.

"—दूध उतरवा, उतू जाईल," ती म्हणाली.

ते त्याच सकाळी उतू गेले होते. ओटा त्यानेच पुसला होता.

"उतरवलं," तो म्हणाला.

तिने त्याच्याकडे नीट पाहिले. "एवढे पांढरे कसे झालात?" मग वळून माझ्याकडे पाहिले आणि हसायलाच लागली. "ठेवलंत ना शेवटी रचून!"

त्याने तिला सगळे सांगितले. तो दिवस दोघे खिडकीशी बसून होते. तिने त्याच्या सदऱ्याचे बटण लावून दिले. नणंदेच्या हातचा चहा पाणचट झाला, म्हणून तिला टोकले. ऊन उतरले तशी ती त्याच्या खांद्याला टेकली.

"आणखी काही सांगायचंय?" त्याने विचारले.

"उद्यापासून दूध कमी घ्या. एकट्याला लागतं किती." मग म्हणाली, "झालं."

आता माझ्यात पुन्हा रजया आहेत. कडी त्याने काढून टाकली आहे.

मित्रांनो, तुमच्याकडे अशी पेटी असेल, तर तिची कड पुसत जा, गंज धरू देऊ नका. आम्हीही थकतो. पण कडीला हात घालण्याआधी, कितीही घाई असो, आतल्या माणसाला विचारा. दूध उतू गेले तर ओटा पुसता येतो.