पान हिरवं असेपर्यंत

उमरोळी आणि बोईसरच्या मधे, सरावलीच्या मागच्या अंगाला टेकडीखाली एक पट्टा होता. त्याला सगळे धावरान म्हणत, कारण तिथे काळ धावायचा. सकाळी पेरलेला भात तासाभरात कापायला यायचा. बाहेरच्याची बिडी पेटेपर्यंत आत गेलेल्याचा अर्धा दिवस सरलेला असायचा. म्हणून पाड्यावर रीत होती: आत जाताना पळसाचं ताजं पान केसांत खोवायचं आणि पानानं मान टाकली की हातातलं काम टाकून बाहेर यायचं. आत झोपायचं नाही, पोर न्यायचं नाही.

शहाऐंशी साली मुंबईच्या एका शेटनं तो पट्टा घेतला, भिंत घातली, शेड टाकली आणि आत बॉलपेन जोडायचं काम काढलं. सकाळी आलेली ऑर्डर संध्याकाळच्या ट्रकमध्ये भरता येणार, याहून शेटला काय हवं होतं!

पाड्यावरच्या तानीची धाकटी बहीण सोमी सोमवारी इतर बायकांबरोबर तिथं कामाला गेली. एकाच दिवसाचं काम, असं मुकादम चंद्रभाननं सांगितलं होतं. सोमी दोन वर्षं मंगळ्याच्या घरात नांदत होती. लग्न लावायचं राहिलं होतं, ते यंदा लग्नाची गाणी म्हणणाऱ्या धवलेरीला बोलावून लावायचं ठरलं होतं. लुगडं आपल्या कमाईचं असावं, एवढ्यासाठी ती गेली.

फाटकात चंद्रभाननं बायकांना एकेक पान वाटलं. “तुम्हारा रिवाज हम भी मानते हैं. पान सुकलं की दार उघडेल.”

पान प्लास्टिकचं होतं. ते सगळ्यांना दिसत होतं. पण शेटनं आपली रीत मानली याचंच बायकांना अप्रूप वाटलं. सोमीनं तर ते फुलासारखं मिरवलं, मागे वळून हसली आणि आत गेली.

बाहेरची बिडी विझायच्या आत दार उघडायला हवं होतं; संध्याकाळ झाली तरी उघडलं नाही.

“मुकादम, माझी भन कंदी येल?” तानीनं विचारलं.

“पान सूखा नहीं अभी,” चंद्रभान म्हणाला आणि पहारेकऱ्याकडे बघून हसला.

मंगळवारी तेच, बुधवारी तेच. तानी रोज जाऊन भिंतीला कान लावायची. आतून डासांच्या गुणगुणीसारखा बारीक आवाज यायचा. पहारेकरी कानाशी हात झटकायचा, तानीही झटकायची.

शनिवारी दार उघडलं. पांढऱ्या केसांच्या, वाकलेल्या बायका एकमेकींना धरून बाहेर आल्या. मंगळ्या फाटकाशीच होता. पहिलीच म्हातारी समोर आली, तिला त्यानं वाट करून दिली.

“आजी, आमची सोमी मागं हाय का गो?”

म्हातारीनं त्याच्या तोंडावरून हात फिरवला. तिच्या पांढऱ्या केसांत हिरवंगार पान होतं.

मंगळ्याला कळलं तेव्हा तो मटकन खाली बसला. सोमीनं त्याच्याकडे पाठ केली आणि आपल्याहून तरण्या तानीच्या खांद्यावर डोकं टेकलं.

“बाय, आमी लय हाका मारल्या गो. दारावर डोकी आपटली. तुमाला आयकू नाय आलं?”

ती डासांची गुणगुण! धावत्या काळात आवळून बारीक झालेल्या बहिणीच्या हाका तानीनं आठवडाभर कानावरून झटकल्या होत्या.

“ए अम्मा, बाजू हो!” चंद्रभाननं सोमीला ढकललं. आत सगळी खोकी भरली आहेत का, ते त्याला बघायचं होतं. दाराशी तो थांबला. भिंतीलगतच्या पळसाचं एक पान खुडलं आणि कानामागे खोवून आत शिरला.

खरं पान. स्वतःसाठी खरं!

तानीला राग आला असं म्हणणं फार कमी होईल. तिच्या डोळ्यांपुढे लाल झालं. तिनं धावत जाऊन दोन्ही हातांनी दार ओढलं आणि कडी घातली. पहारेकरी पुढे आला. पण मंगळ्या उठून उभा राहिला होता, आणि त्या सगळ्या म्हाताऱ्या दारापुढे येऊन बसल्या होत्या. पहारेकरी दोन पावलं मागे सरला.

आत भात पिकत होता, पाणी होतं. मरणार नव्हता तो. तेवढं तानीला ठाऊक होतं.

तिनं त्याच झाडाचं पान खुडलं आणि ते केसांत खोवून कडीला पाठ लावून बसली. ती बाहेर होती, जिथे पान सुकायला अख्खा दिवस जातो; तेवढ्यात आत वर्षं सरतात. सोमीला तिनं मांडीशी ओढलं, केसांतलं ते प्लास्टिक उपटून पायाखाली घातलं. चुरगळलं तरी ते पुन्हा सरळ झालं. तिनं ते टाचेनं मातीत गाडलं.

दारामागून डासाची बारीक गुणगुण सुरू झाली.

सोमीनं दाराला कान लावला. ती हाक काय असते हे तिच्याइतकं कुणाला कळणार!

“बाय,” ती म्हणाली, “उघड गो. तो बोलवतंय.”

तानीनं कानाशी हात झटकला.

“पान हिरवं हाय अजून.”