रिकाम्या तलावाला स्थगिती

सरकारने आमचा पोहण्याचा तलाव लिलावात काढला तेव्हा मी तिकीट खिडकीवर होतो आणि पगार सरकारचाच खात होतो. त्यामुळे मी कोणाच्याच बाजूने नव्हतो. निदान लोकांना तसं सांगत होतो.

बाजू होती ती शिट्टीची. शिट्टी म्हणजे आमच्याकडे पोहायला शिकवणारी बाई. गळ्यातल्या शिट्टीवरून पोरांनी ठेवलेलं नाव. तिच्या वडिलांना, अप्पांना, पक्षाघाताचा झटका येऊन गेला होता. जमिनीवर त्यांचं पाऊल उचलत नसे, पण छातीभर पाण्यात ते चालायचे. सकाळची शिकवणी सुटली की ती त्यांना पाण्यात उतरवायची आणि हात पुढे करून उलट्या पावली मागे सरकायची. अप्पा पलीकडच्या भिंतीपर्यंत जायचे, आणि पोचले की माझ्याकडे बघून भुवई उडवायचे. यात खंड पडू देऊ नका, असं डॉक्टरांनी बजावलं होतं.

लिलावाविरुद्ध सभासद मंडळी कोर्टात गेली आणि हरली. मग वरच्या कोर्टात अपील. त्याचा निकाल लागेपर्यंत लिलाव थांबवा, या अर्जाची सुनावणी नेमकी लिलावाच्याच दिवशी आली. शिट्टीचा कोर्टावर काडीचा भरवसा नव्हता. आदल्या दिवशी तिने तळाची झडप उघडून सगळं पाणी सोडून दिलं.

"हे काय गं?" मी विचारलं.

"तळाला तडे आहेत ना? गिऱ्हाइकांना दिसू देत. बघू कोण घेतंय ते."

"आणि अप्पा?"

"एक दिवस बसतील घरी. परवा भरते की!"

डोकं चालवलं होतं, नाही म्हणवत नाही. आलेले शेठ लोक काठावरून खाली बघत नाकं मुरडत होते. बोली तरीही लागली असती. जमीन ती जमीन. पण लिलाव करायला आलेल्या सरकारी साहेबांनी पुकारा सुरू करायच्या आत सभासदांचे वकील धापा टाकत आले. स्थगिती मिळाली होती! अपिलाचा निकाल लागेपर्यंत लिलाव नाही, आणि मालमत्ता आज आहे तशीच ठेवायची, कोणीही हात लावायचा नाही. शिट्टीने अशी शिट्टी फुंकली की शेठ लोकांनी कानांवर हात ठेवले. पगार विसरून मीही टाळ्या वाजवल्या.

साहेबांनी मात्र शांतपणे, तिथल्या तिथे पंचनामा केला. तलाव कोरडा.

दुसऱ्या दिवशी ती तलाव भरायला गेली, तर नळाच्या चावीला सील.

"साहेब, अहो, परवापर्यंत भरलेला होता!"

"बाई, कोर्ट म्हणतंय, आहे तसा. आहे तसा म्हणजे कोरडा. कोर्टाची परवानगी आणा आणि खुशाल भरा. नाहीतर सील तोडा. मी कळवतो, स्थगिती उठेल. माझी काही ना नाही."

असा केसाने गळा कापणारा माणूस मी दुसरा पाहिला नाही. आणि चिडावं तर नियमाबाहेर एक शब्द बोलला नव्हता.

परवानगीसाठी अर्ज टाकला. तारीख पडली, कोर्टाला सुट्टी लागली, पुढच्या तारखेला सरकारी वकील आजारी पडले. सरकारी काम आणि सहा महिने थांब, असं आपण म्हणतो. म्हणणारा फारच आशावादी होता. शिट्टी रोज येऊन काठावर बसायची. पिशवीत पक्कड असायची, मला दिसायची. सील तोडलं तर अप्पा आज चालतील आणि उद्या तलाव जाईल. मग कुठे चालवणार? मी तिच्या जागी असतो तर काय केलं असतं, मला सांगता येत नाही. ज्यांना सांगता येतं त्यांचा मला राग येतो.

शेवटी परवानगी आली. पाणी भरलं, तडे अर्थात आहेत तसेच. अप्पांना आम्ही दोघांनी धरून उतरवलं. त्यांनी कठडा पकडला. शिट्टीने समोर उभं राहून हात पुढे केले.

"या, अप्पा."

धड पाय हलला. दुसरा हलला नाही. अप्पा बराच वेळ पाण्यातून त्याच्याकडे बघत राहिले. मग लेकीला म्हणाले, "तू हो पुढे. मी येतो."

ती जागची हलली नाही. मी खिडकीवर परत गेलो, कारण तलाव सुरू झाला होता आणि बाहेर रांग लागली होती.