पत्राची घडी

वडिलांनी खणाचं कुलूप काढलं, आतलं पत्र बाहेर घेतलं आणि दोन बोटांनी मुलीकडे सरकवलं.

"घे. कर याचा पक्षी."

युद्ध संपून सहा वर्षं होत होती. चौकात कागदाचे पक्षी टांगायचे होते, दर घराचा एक. जो परतला नाही, त्याच्या हस्ताक्षरातल्या कागदाचा. तिच्या धाकट्या भावाचं हे एकच पत्र आलं होतं, तेही वडिलांच्या नावाने. फौजेत गेलास तर तुझं पत्रसुद्धा वाचणार नाही, असं ते त्याला म्हणाले होते. आईने पत्र मोठ्याने वाचायला घेतलं, तेव्हा ते उठून बाहेर गेले होते.

"बाबा, एकदा तरी वाचा. गेलं की परत मिळायचं नाही."

"इतक्या वर्षांत हातही लावलेला नाही मी त्याला. शब्द म्हणजे शब्द."

"शब्दाचे पक्के," आई आतून म्हणाली. "पोराशी अबोला धरला, तो धरलाच."

ती पत्र उलगडायला गेली आणि त्याचे चार तुकडे तिच्या तळहातावर आले.

कागद गिरणीच्या तपासणी खोलीत अकरा वर्षं ती हेच करत होती. पट्टी यंत्रात लावायची, तुटेपर्यंत दुमडायची, कितव्या घडीला तुटली तो आकडा लिहायचा. एकदा घालून ठेवलेली घडी कागद पन्नास वर्षंही सांभाळतो; तो तुटतो उघडमिटीने. हा वहीचा साधा, चिवट कागद होता. शेकडो वेळा उघडल्याखेरीज असा तुटला नसता. कडांचे तंतू बोटांनी मऊ, मळकट झाले होते. आणि खणाची किल्ली वडिलांखेरीज कुणाकडे नव्हती.

ते खिडकीबाहेर बघत होते.

"हा कागद चालायचा नाही, बाबा," ती म्हणाली. "पक्षी उभा राहणार नाही याचा."

"मग?"

"त्याच्या शाळेच्या वहीतलं पान घेते."

तिने तुकडे जुळवले, होत्या त्याच घडीत खणात ठेवले आणि खण लोटला.

"दोन पानं आण," जरा वेळाने ते म्हणाले. "मलाही दाखव कसा करतात."

आई हात पुसत दारात आली. मुलीने पानं चौकोनी कापली, पहिली घडी तिरकी घालून दाखवली. वडिलांनी मान हलवली. पण त्यांच्या हातांनी कागद आडवा दुमडला, मग उभा, न बघता, कडेला कड. ती चौघडी हातात धरून ते तसेच बसून राहिले.

आईने ती काढून घेतली, उलगडली, तळहाताने सपाट केली आणि पुन्हा त्यांच्यापुढे ठेवली.

"तिरकी घाला," ती म्हणाली.