झुलीखालचा खांदा

मी एक जुनी झूल आहे. लाल कापड, काठाला आरशांच्या टिकल्या, मधोमध पिवळ्या दोऱ्याचा मोर. नरखेडजवळच्या एका गावात रुपरावच्या गोठ्यात मी खुंटीवर टांगलेली असते.

मित्रांनो, रुपरावच्या बायकोने, पार्वतीबाईने, आपले लग्नातले लुगडे फाडून मला शिवले, ते चांद्या बैलासाठी. आई मेलेले ते वासरू तिनेच वाटीने दूध पाजून वाढवले होते. वर्षातून एकदा, पोळ्याला, मी त्याच्या पाठीवर चढे. लोक म्हणत, "नवरदेव दिसून राहिला गा." मला वाटे, हे कौतुक माझेच.

अडुसष्ट सालच्या श्रावणात पावसाने उघडीप दिली. रुपरावने महिनाभर कपाशीतले तण काढायला बैलांचा डवरा हाकला आणि जुवाने चांद्याचा खांदा सोलून निघाला. पोळ्याच्या आदल्या संध्याकाळी रीतीप्रमाणे रुपरावने खांदा शेकला, हळद-लोणी चोळले, हात जोडून म्हणाला, "आज आवतन घ्या, उद्या जेवाले या." लोणी लागताच चांद्या थरथरला.

"खांदा नासला जी," पार्वतीबाई म्हणाली. "उद्या मिरवू नका त्याले. ढोराच्या डॉक्टरले बलवा."

"देवाले का डॉक्टर दाखवतेत?" रुपराव हसला. "यंदा तोरणाखाली पयला मान आपला हाय. झूल टाकली का कोनाले दिसते?"

दुसऱ्या दिवशी त्याने मला पुढे ओढून जखमेवर टाकले. वरून गुलाल पडत होता, खालून पू माझ्या अस्तरात मुरत होता. सारे गाव पाया पडले. चांद्याचे दुखणे मला कळत होते, आणि मीच ते झाकून उभी होते.

घरी पार्वतीबाईने पुरणपोळीचा घास त्याच्या तोंडाशी धरला. त्याने घेतला, पण चावला नाही.

तिसऱ्या दिवशी रुपरावने पुन्हा जू ठेवले. चांद्या कपाशीच्या ओळीतच बसला, तो उठला नाही. रुपराव त्याच्या गळ्यात पडून रडला. ते रडणे खोटे नव्हते. त्याचेच मला जास्त वाईट वाटते.

चांद्यावर पांघरायला त्याने मला आणले. पार्वतीबाईने हात धरला. "आता नका झाकू," ती म्हणाली.

तिने मला कधी धुतले नाही, दुसऱ्या बैलावर टाकूही दिले नाही. माझ्या अस्तरावर तो डाग अजून आहे. पोळ्याच्या आदल्या दिवशी रुपराव मला उलटी करून पाहतो, मग नव्या बैलाच्या खांद्यावर हात ठेवतो.

मित्रांनो, ज्याच्या पाया पडता, त्याचा खांदा आधी पाहा.